दिवाणी अपिलातील तडजोड : सातारा जिल्ह्यातील पक्षकारांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सातारा जिल्ह्यातील दिवाणी अपिलांत जे वाद पुन्हा पुन्हा येतात ते येथील शेतकऱ्याला नवे नाहीत : वडिलोपार्जित जमिनीचे वाटप, सरकलेला बांध, विहिरीच्या पाण्याची पाळी, वहिवाटीचा रस्ता, आणि साठेखत (विक्रीचा करार) होऊनही न झालेले खरेदीखत. अशा वादांतील पक्षकार बहुधा एकमेकांचे भाऊबंद किंवा शेजारी असतात, आणि अपिलाचा निकाल कसाही लागला तरी दोघांना त्याच पाणंदीने शेतात जायचे असते. तडजोडीचा विचार म्हणूनच मनात येतो. पण ती नेमकी कशी लिहावी व कोठे नोंदवावी याची माहिती नसल्याने पुढे तिच्यातूनच नवा दावा उभा राहतो. खालील उत्तरे सर्वसाधारण माहितीसाठी आहेत. प्रत्यक्ष प्रकरणाचे कागद आपल्या वकिलांना दाखवूनच निर्णय घ्यावा.

खालच्या न्यायालयाचा निकाल लागल्यानंतरही तडजोड करता येते का?

होय. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २३, नियम ३ हा दाव्यातील तडजोडीविषयी असला तरी कलम १०७ मुळे अपील न्यायालयालाही मूळ न्यायालयाचेच अधिकार मिळतात, त्यामुळे अपिलाचा निकाल जाहीर होईपर्यंत केव्हाही तडजोड नोंदवता येते. जिल्हा न्यायालयात सातारा किंवा कराड येथे चालू असलेले पहिले अपील असो, अथवा उच्च न्यायालयातील दुसरे अपील असो, नियम तोच आहे.

आम्ही अजून अपील दाखल केलेले नाही आणि बोलणी चालू आहेत. मुदत थांबते का?

थांबत नाही. जिल्हा न्यायालयात अपील करण्याची मुदत ३० दिवसांची आणि उच्च न्यायालयात ९० दिवसांची आहे; हुकूमनाम्याची (न्यायालयाच्या निर्णयाच्या औपचारिक आदेशाची) नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यातून वजा होतात, पण पंचमंडळींसमोर बैठकांत गेलेले दिवस वजा होत नाहीत. विलंब माफीचा अर्ज करता येतो, मात्र ‘तडजोडीची बोलणी चालू होती’ हे कारण प्रत्येक वेळी पुरेसे मानले जाईलच असे नाही. अपील मुदतीत दाखल करावे आणि बोलणी त्यानंतर निवांतपणे करावीत, हेच सुरक्षित आहे. अपील दाखल केल्याने मने दुखावतील असे सांगणारा एखादा ज्येष्ठ नातलग प्रत्येक घरात असतो. पण मुदत गेल्यावर समोरच्याला तडजोडीची गरजच उरत नाही, हेही त्यांना सांगावे.

आमच्या बाजूने निकाल लागला आहे. मग आम्ही तडजोड कशासाठी करावी?

काही वेळा खरोखरच करू नये. समोरच्याचे अपील केवळ वेळ काढण्यासाठी असेल, त्यात स्थगिती नसेल आणि हुकूमनाम्याची अंमलबजावणी सरळ असेल, तर दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करून पुढे जाणे योग्य ठरते. अपील दाखल झाले एवढ्यानेच हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही. त्यासाठी आदेश ४१, नियम ५ खाली स्वतंत्र आदेश व्हावा लागतो.

वाटपाच्या दाव्यात मात्र हिशेब वेगळा असतो. तेथे मिळालेला निकाल बहुधा प्राथमिक हुकूमनामा असतो, म्हणजे कोणाचा हिस्सा किती एवढेच त्यात ठरलेले असते. कोणता तुकडा कोणाच्या वाट्याला जाईल हे पुढे ठरायचे असते. आकारणी असलेल्या शेतजमिनीचे प्रत्यक्ष वाटप संहितेच्या कलम ५४ नुसार जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते, त्यात मोजणी, हरकती आणि ताबा यांचे टप्पे असतात, आणि विहीर ज्याच्या वाट्याला येईल त्याच्याविरुद्ध इतर सर्व एक होतात. पहिल्या अपिलानंतर दुसऱ्या अपिलाची शक्यता उभीच असते. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापूर येथे सुरू झाल्याने सातारा व सांगली जिल्ह्यांतील पक्षकारांचा प्रवास कमी झाला आहे. प्रवास कमी झाला म्हणजे वाद कमी झाला असे मात्र नाही. रस्त्याकडेचे चार गुंठे सोडून देऊन विहिरीचा निर्वेध हक्क पदरात पाडून घेणे, असे आदानप्रदान न्यायालय आपल्या निकालातून क्वचितच देऊ शकते. ते पक्षकारांनाच जमते.

अपील काढून घेणे आणि तडजोड नोंदवणे यांत फरक काय?

फार मोठा फरक आहे, आणि सर्वाधिक नुकसान येथेच होते. अपीलदाराने अपील नुसते काढून घेतले तर खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा जसाच्या तसा कायम राहतो. बाहेर स्टँप पेपरवर ‘आपसांत मिटले’ असे लिहून, तो कागद न्यायालयात हजर न करता अपील काढून घेतले, तर तो कागद हुकूमनामा होत नाही. समोरच्याने शब्द पाळला नाही तर त्या कागदाच्या आधारे दरखास्त चालत नाही. नवा दावा करावा लागतो, आणि त्याच वेळी जुना, आपल्याविरुद्धचा हुकूमनामा अंमलबजावणीस मोकळा असतो.

याउलट तडजोडपत्र अपिलात हजर होऊन न्यायालयाने ते स्वीकारले की त्या अटींनुसार अपील न्यायालयाचा हुकूमनामा तयार होतो आणि खालच्या हुकूमनाम्याची जागा तो घेतो. ‘आपसांत मिटल्याने अपील निकाली काढावे’ अशी एका ओळीची पुरसिस (न्यायालयाला दिलेले लेखी निवेदन) देऊ नये. तडजोडीच्या अटी आदेशात आल्या पाहिजेत, आणि तडजोडपत्र हुकूमनाम्याचा भाग समजावे असे आदेशात स्पष्ट नमूद झाले पाहिजे.

तोंडी तडजोड न्यायालयात सांगितली तर चालते का?

नाही. संहितेतील १९७६ च्या दुरुस्तीनंतर, म्हणजे १ फेब्रुवारी १९७७ पासून, तडजोड लेखी व पक्षकारांच्या सहीची असणे आवश्यक आहे. तडजोड झाली आहे असे एकाने म्हटले आणि दुसऱ्याने नाकारले, तर त्याचा निर्णय तेच न्यायालय त्याच प्रकरणात देते, आणि त्यासाठी विनाकारण तारखा देऊ नयेत असेही नियमातच म्हटले आहे.

तडजोडपत्रात काय काय लिहावे?

तडजोडीच्या हुकूमनाम्याविरुद्ध कलम ९६(३) नुसार अपील नाही. निकालपत्रात चूक राहिली तर वरचे न्यायालय ती दुरुस्त करते. तडजोडपत्रातील चूक मात्र पक्षकारांनीच करून ठेवलेली असते आणि तीच त्यांना पुढे वागवावी लागते. त्यामुळे गोडीगुलाबीच्या वातावरणात संकोच वाटला तरी प्रत्येक गोष्ट शब्दांत आली पाहिजे.

प्रथम मिळकतीचे वर्णन : गाव, गट नंबर, हिस्सा नंबर, क्षेत्र, आकार आणि चतुःसीमा, आणि हे सर्व चालू सात-बारा पाहून. दाव्यातील वर्णन दहा वर्षांपूर्वीचे असते आणि दरम्यान गटाचे पोटहिस्से पडलेले असतात, ही नेहमीची अडचण आहे. जमीन प्रत्यक्ष वाटून घ्यायची असेल तर भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी आधी करून घ्यावी व मोजणी नकाशा तडजोडपत्राला जोडून त्यावरही सर्वांच्या सह्या घ्याव्यात. ‘पूर्वेकडील निम्मा भाग’ हे वर्णन लिहिताना सोपे असते, पण उतारावरच्या जमिनीत निम्मे म्हणजे नेमके कोठपर्यंत यावर पुन्हा भांडण होते.

ताबा कोणत्या तारखेला द्यायचा हे पिकाकडे पाहून ठरवावे. उभा आडसाली ऊस असेल तर तोडणी होईपर्यंत ताबा कोणाकडे, कारखान्याची नोंद कोणाच्या नावावर आणि बिल कोणी घ्यायचे, हे लिहिल्याशिवाय केवळ ‘आजपासून ताबा दिला’ असे लिहिण्याला अर्थ नसतो.

पाण्याच्या बाबतीत तर शब्द मोजून वापरावेत. सामाईक विहिरीतील हिस्सा, मोटर कोणाची, वीजजोडणी कोणाच्या नावावर, बिलाची विभागणी, गाळ काढण्याचा व दुरुस्तीचा खर्च, पाईपलाईन कोणाच्या शेतातून जाईल, आणि ती फुटली तर दुरुस्तीसाठी शेतात जाण्याचा हक्क, हे सर्व स्वतंत्र मुद्दे आहेत. ‘सोमवार ते बुधवार सकाळी सहा ते दुपारी दोन’ अशी घड्याळी पाळी लिहू नये. शेतीपंपाच्या विजेची वेळ कधी दिवसा तर कधी रात्री असते आणि अशी पाळी पहिल्याच महिन्यात मोडते. वीज उपलब्ध असलेल्या तासांची वाटणी लिहावी, म्हणजे वेळापत्रक बदलले तरी पाळी टिकते.

रस्त्याची रुंदी फुटांत किंवा मीटरमध्ये लिहावी आणि ट्रॅक्टर-ट्रॉली जाऊ शकेल की फक्त बैलगाडी, हे स्पष्ट करावे. पैशाची अट असेल तर रक्कम, हप्त्यांच्या तारखा, उशीर झाल्यास व्याजाचा दर आणि हप्ता चुकला तर काय होणार हे लिहावे. परस्परांविरुद्ध चालू असलेल्या इतर प्रकरणांचे, विशेषतः तहसील कार्यालयातील रस्त्याच्या वा फेरफाराच्या वादांचे काय करायचे, तेही त्यातच यावे.

सह्या कोणी करायच्या? वकिलांची सही पुरते का?

वकीलपत्रात तडजोडीचा अधिकार दिलेला असेल तर वकिलांची सही ग्राह्य धरता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने बायराम पेस्टनजी गरीवाला प्रकरणात (१९९१) म्हटले आहे. तरीही प्रत्येक पक्षकाराने स्वतः सही किंवा अंगठा करावा आणि वकिलांनी ओळख द्यावी, असाच आग्रह धरावा. मुंबई-पुण्यात नोकरीस असलेल्या भावाच्या वतीने मुखत्यार सही करणार असेल तर मुखत्यारपत्रात तडजोड करण्याचा अधिकार स्पष्ट शब्दांत हवा. ‘कोर्टकामे पाहणे’ एवढ्या शब्दांवर विसंबून राहू नये.

वाटपाच्या अपिलात बहिणींना सामील करणे आवश्यक आहे का?

आवश्यक आहे, आणि हा प्रश्न अजूनही विचारला जातो हेच खेदाचे आहे. हिंदू उत्तराधिकार कायद्यातील ९ सप्टेंबर २००५ च्या दुरुस्तीने मुलीला मुलाप्रमाणेच जन्माने सहदायिकाचा (वडिलोपार्जित मिळकतीतील जन्मसिद्ध हिस्सेदाराचा) हक्क मिळाला, आणि त्या दिवशी वडील हयात असण्याची गरज नाही हे विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या प्रकरणात ११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. प्राथमिक हुकूमनामा जुन्या हिश्श्यांनुसार झालेला असला तरी अंतिम वाटप झाले नसेल, तर बदललेले हिस्से विचारात घ्यावे लागतात.

चार भावांनी आपसांत तडजोड केली आणि दोन बहिणी पक्षकारच नसतील, तर ती तडजोड बहिणींवर बंधनकारक होत नाही. त्यांना अपिलात सामील करून घेता येते. बहिणीने स्वेच्छेने हिस्सा सोडायचा ठरवले तर तो तिचा निर्णय आहे. पण साडीचोळीच्या नावाखाली कोऱ्या कागदावर घेतलेली सही ही तडजोड नव्हे, आणि न्यायाधीशांनी तिला समोर बोलावून विचारल्यावर ते उघड होते. काही पैसे किंवा घरजागेचा तुकडा मोबदला म्हणून ठरला असेल तर तो तडजोडपत्रात लिहावा.

अपील चालू असताना एक पक्षकार मयत झाला आहे. तरी तडजोड चालेल का?

वारस अभिलेखावर आणल्याशिवाय नाही. वारस दाखल करण्याच्या अर्जाची मुदत मृत्यूपासून ९० दिवस आहे. ती गेली तर त्या पक्षकारापुरते अपील आपोआप समाप्त होते आणि ती समाप्ती रद्द करून घेण्यासाठी वेगळा अर्ज लागतो. मयताच्या नावाने, त्याच्या जुन्या सहीच्या कागदावर तडजोड नोंदवून घेण्याचा मोह कोणी दाखवला तर त्याला ठाम नकार द्यावा.

पक्षकारांत अज्ञान (अल्पवयीन) मूल असेल तर?

आदेश ३२, नियम ७ नुसार न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते आणि ती कामकाजात नोंदलेली असावी लागते. पालकाचे प्रतिज्ञापत्र आणि वकील असल्यास, तडजोड अज्ञानाच्या हिताची आहे असे वकिलांचे प्रमाणपत्र द्यावे लागते. हे केले नाही तर ती तडजोड अज्ञानाच्या इच्छेनुसार रद्द होऊ शकते. बाकीच्यांना मात्र तिच्यातून सुटता येत नाही.

सर्वजण तयार नाहीत. काही जणांपुरती तडजोड करता येईल का?

वादाचा जो भाग वेगळा काढता येतो तेवढ्यापुरती करता येते. उरलेले अपील गुणदोषांवर चालते. एकत्र कुटुंबाच्या वाटपात हे अवघड असते, कारण एकाचा तुकडा निश्चित केला की इतरांच्या तुकड्यांवर परिणाम होतो. जो तडजोडीत नाही त्याचा हिस्सा तडजोडीने कमी करता येत नाही, एवढे ध्यानात ठेवले म्हणजे पुरे.

तडजोड नोंदवण्याच्या दिवशी न्यायालयात काय होते?

तडजोडपत्र दाखल झाल्यावर त्यास निशाणी क्रमांक पडतो. सर्व पक्षकारांनी आधार कार्डासारखा ओळखीचा पुरावा घेऊन स्वतः हजर राहावे. न्यायाधीश मजकूर वाचून किंवा समजावून सांगतात, तो मान्य आहे का, दडपण तर नाही ना, असे विचारतात आणि तशी पडताळणी कागदावर नोंदतात. ज्याला वाचता येत नाही त्याने ‘मला समजले नाही’ असे त्याच वेळी सांगावे. न्यायालयात गप्प बसणे म्हणजे आदर दाखवणे, अशी एक समजूत आपल्याकडे आहे आणि ती येथे महाग पडते. तडजोड कायदेशीर असल्याची खात्री करणे हे न्यायालयाचे काम आहे. भारतीय करार कायदा, १८७२ नुसार जो करार निरर्थक किंवा रद्द होण्याजोगा आहे तो या नियमापुरता कायदेशीर मानला जात नाही.

दाव्यात नसलेली जमीन तडजोडीत घेता येते का?

घेता येते, पण खर्च आणि कामही वाढते. पक्षकारांशी संबंधित असेल तर दाव्याबाहेरचा विषयही तडजोडीत घेण्यास आदेश २३ ची आडकाठी नाही. मात्र नोंदणी कायदा, १९०८ च्या कलम १७(२)(सहा) मधील सूट दाव्यातील मिळकतीपुरतीच आहे. दाव्याबाहेरच्या स्थावर मिळकतीत तडजोडीने हक्क निर्माण होत असेल तर हुकूमनामा दुय्यम निबंधकांकडे नोंदवावा लागतो व मुद्रांक शुल्काचा प्रश्नही येतो. शिवाय आधीपासून असलेला हक्क मान्य करणे वेगळे आणि तडजोडीच्या निमित्ताने नवा हक्क देणे वेगळे, हा भेद सर्वोच्च न्यायालयाने भूप सिंग प्रकरणात (१९९५) केला आहे. मुद्रांक शुल्क चुकवून खरेदीखत करण्यासाठी लुटुपुटुचा दावा आणि मग तडजोड, हा मार्ग टिकत नाही.

जमीन भोगवटादार वर्ग २ ची (परवानगीशिवाय हस्तांतरित न करता येणारी) आहे, किंवा क्षेत्र फार लहान आहे. तडजोडीने हे प्रश्न सुटतात का?

सुटत नाहीत. ज्या हस्तांतरणाला जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते त्याला ती तडजोडीनंतरही लागतेच. तुकडेबंदीचा १९४७ चा कायदाही लागू राहतो. जिरायत २० गुंठे आणि बागायत १० गुंठे या प्रमाणभूत क्षेत्रापेक्षा लहान तुकडा पडेल अशी वाटणी लिहिली तर फेरफार अडतो. अशा वेळी जमीन एकाला आणि रोख मोबदला दुसऱ्याला, अशी मांडणी करावी.

सात-बारावर नाव केव्हा लागते?

हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल जोडून तलाठी कार्यालयात (आताचे ग्राम महसूल अधिकारी) अर्ज करावा लागतो. न्यायालय स्वतः नाव लावत नाही. फेरफार नोंदला जातो, संबंधितांना नोटिसा निघतात आणि नंतर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात. तडजोडीत फक्त हिस्से ठरले असतील आणि तुकडे ठरले नसतील तर आधी वाटपाची प्रक्रिया पूर्ण करावी लागेल. यासाठीच वर मोजणी नकाशाचा आग्रह धरला आहे.

ठरलेली रक्कम रोख दिली तर चालेल का?

आयकर कायद्यानुसार एका व्यवहारात २ लाख रुपये किंवा त्याहून अधिक रक्कम रोख स्वीकारता येत नाही. धनादेश, डिमांड ड्राफ्ट किंवा बँकेतून वर्ग करावी आणि त्याचा तपशील तडजोडपत्रात लिहावा. ‘रक्कम पूर्वीच मिळाली’ असे लिहून प्रत्यक्षात नंतर देण्याचे ठरवणे हा निव्वळ धोका आहे.

लोकअदालतीत मिटवावे की नियमित न्यायालयात?

दोन्ही मार्ग खुले आहेत. लोकअदालतीचा निवाडा विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम २१ नुसार दिवाणी न्यायालयाचा हुकूमनामाच मानला जातो, त्याविरुद्ध अपील नाही आणि भरलेले न्यायालय शुल्क परत मिळण्याची तरतूद आहे. नियमित न्यायालयात, अपील परिणामकारक सुनावणीस पुकारले जाण्यापूर्वी तडजोड झाली तर महाराष्ट्रातील न्यायालय शुल्क कायद्याच्या कलम ४३ नुसार निम्मे शुल्क परत मिळू शकते.

शुल्काचा विचार बाजूला ठेवला तर एक सांगावेसे वाटते. राष्ट्रीय लोकअदालतीच्या दिवशी गर्दी असते आणि छापील नमुन्यात दोन ओळी भरून प्रकरण निकाली निघू शकते. रक्कम ठरवून संपणाऱ्या वादांना ते ठीक आहे. विहीर, रस्ता आणि वाटप असलेल्या अपिलात मात्र मसुदा आधीच्या पंधरवड्यात तयार करून, सर्वांनी घरी वाचून, मगच त्या दिवशी हजर करावा. बोलणीच अडली असतील तर कलम ८९ खाली प्रकरण मध्यस्थीकडे पाठवण्याची विनंती करता येते. तेथे बोललेले गोपनीय राहते आणि जमले नाही तर अपील होते त्या ठिकाणाहून पुढे चालते.

दुकानगाळ्याच्या भाडेकरूविरुद्धच्या अपिलातही हेच लागू आहे का?

होय, पण भाडे नियंत्रण कायद्याने संरक्षित भाडेकरूला केवळ संमतीवरून बाहेर काढता येत नाही. कायद्यात सांगितलेले निष्कासनाचे एखादे कारण अस्तित्वात असल्याचे अभिलेखावरून किंवा तडजोडपत्रातील कबुलीवरून दिसले पाहिजे.

फसवून सही घेतली असेल तर काय करता येते?

आदेश २३, नियम ३अ नुसार तडजोड कायदेशीर नव्हती या कारणासाठी नवा दावा करता येत नाही. ज्या न्यायालयाने तडजोड नोंदवली त्याच न्यायालयात अर्ज करून ती फसवणुकीने वा दडपणाने झाल्याचे सिद्ध करावे लागते. पुष्पा देवी भगत प्रकरणात (२००६) सर्वोच्च न्यायालयाने हाच मार्ग सांगितला आहे. अर्ज कळताक्षणी करावा. तडजोडीप्रमाणे मिळालेले पैसे वापरून, दोन हंगाम पीक घेऊन नंतर ‘मला समजले नव्हते’ असे म्हणणाऱ्यावर विश्वास बसणे कठीण जाते.

समोरचा तडजोडीप्रमाणे वागत नसेल तर दरखास्त कोठे करायची?

हुकूमनामा अपील न्यायालयाचा असला तरी दरखास्त मूळ न्यायालयात, म्हणजे जेथे दावा प्रथम चालला त्या वाई, फलटण, पाटण किंवा अन्य ठिकाणच्या न्यायालयात दाखल होते. मुदत १२ वर्षांची आहे. कायम मनाईच्या हुकमाला मुदतीचे बंधन नाही. हप्त्यांनी रक्कम द्यायची असेल तर प्रत्येक हप्त्याच्या देय तारखेपासून त्या हप्त्यापुरती मुदत मोजली जाते. न्यायालयाबाहेर काही रक्कम दिली-घेतली गेली तर आदेश २१, नियम २ नुसार ती न्यायालयात नोंदवून घ्यावी; न नोंदवलेली रक्कम दरखास्तीत विचारात घेतली जात नाही, आणि देणाऱ्याला असा अर्ज करण्यासाठी पैसे दिल्यापासून फक्त ३० दिवस मिळतात.